मागावरची पोरगी आणि सरकारची काठी

नागपूरच्या नंदनवन वस्तीत मी भोंग्यावर नुसता खाकरलो तरी तिकडे मौद्याच्या वीजकेंद्रात एक दिवा लुकलुकतो, असं लोक म्हणतात. लोक म्हणजे मुख्यतः मीच म्हणतो, पण अजून कोणी ते खोडून काढलेलं नाही. माझा धंदा ओरडण्याचा. ऑटोच्या टपावर दोन भोंगे, सीटखाली बॅटरी, हातात माईक आणि घशात देवाची कृपा. सर्कस आली, साड्यांचा सेल लागला, कोणाची म्हैस हरवली, कोणी निवडणुकीला उभा राहिला की मला बोलावणं येतं. एकदा हरवलेल्या म्हशीची दवंडी मी इतकी रंगवून दिली, की संध्याकाळपर्यंत मालकाच्या दारात चार म्हशी उभ्या होत्या आणि त्यातली एकही त्याची नव्हती.

पण माझ्या घशाला खरी इज्जत मिळवून दिली ती सरकारच्या आरोग्य खात्याने. सरकारी आरोग्य म्हटलं की बाकीच्यांच्या डोळ्यांपुढे मोठा दवाखाना येतो, लांबलचक व्हरांडे, फिनाईलचा वास, चिठ्ठीची रांग. माझ्या डोळ्यांपुढे आमच्या घराचं दार येतं. आम्ही कोष्टी. घरात एके काळी हातमाग होते, आता मागाच्या जागी कूलर आहे. पण दार तेच आहे, आणि त्या दारावर सरकार जितक्या वेळा येऊन गेलं तितके आमचे सोयरेही आले नसतील. मलेरियावाला गेरूने तारीख लिहून जायचा. फवारणीवाला त्याच्यावर आपला शिक्का मारायचा. पोलिओवाले खडूने खूण करायचे, मग जनगणनावाले त्या खुणेवरच आपला आकडा चिकटवायचे. वडील म्हणायचे, या घरात सगळ्यांत जास्त लसीकरण दाराचं झालं आहे.

वडिलांच्या दंडावर देवीच्या लसीचा वण होता, जुन्या चवन्नीएवढा. मला ते सांगायचे, की लस टोचणारा सायकलवरून आला तेव्हा अख्खा मोहल्ला झाडावर चढून बसला होता आणि त्याने एकेकाला झाडावरच टोचलं. डीडीटीची फवारणी असली की ढेकूण आदल्या दिवशीच बिऱ्हाड हलवून शेजारच्या घरी जात, असंही ते सांगत. आणि माझे काका! सरकार कुटुंब नियोजनाच्या ऑपरेशनवर ट्रान्झिस्टर देतं असं ऐकून काका दाढी करून, इस्त्रीचा सदरा घालून रांगेत जाऊन उभे राहिले. डॉक्टरांनी विचारलं, मुलं किती? काका म्हणाले, साहेब, लग्न व्हायचं आहे. डॉक्टरांनी त्यांना कानाला धरून बाहेर आणलं. रेडिओ मिळाला नाही, पण त्या गडबडीत पुढे लग्न लवकर झालं, आणि उमरेडहून आमची काकू या घरात आली.

ही हकीकत काकूचीच आहे, म्हणून तिच्याबद्दल आधीच सांगून ठेवतो. काका गेले, काकू राहिली. आमच्याच भिंतीला भिंत लागून तिचं घर. वय विचाराल तर ती तुमचंच विचारते. तिचा डावा पाय हत्तीपाय आहे. घोट्यापासून गुडघ्यापर्यंत सरळ खांब, आणि त्याच्यावर कातडी अशी की जुन्या चिंचेची साल. त्या पायावर तिने हयात काढली. मागावर बसून पायाने पायटे दाबले, तीन पोरं वाढवली, साऱ्या गल्लीची भांडणं सोडवली. तिच्या परवानगीशिवाय आमच्या गल्लीत पाहुणा येत नाही आणि मांजर वीत नाही. तिच्या घरात तिचा मुलगा, सून आणि एक नात. नात म्हणजे बारा-तेरा वर्षांची पोट्टी, शाळेच्या खो-खोच्या संघात. चालताना तिला मी कधी पाहिलंच नाही. एका उंबऱ्यावरून दिसली की दुसऱ्या उंबऱ्यावर.

आता माझी बायको. ती आरोग्य खात्याची आशा कार्यकर्ती, वस्ती तिला आशाताई म्हणते. वस्तीत कोण बाळंत होणार, कोणाचं पोर लसीचं राहिलं, कोणाचा खोकला फार दिवसांचा आहे, हे तिला त्या घराच्या आधी कळतं. आरोग्य खात्याच्या मोहिमेत ती खरं सांगते आणि मी ते ऐकायला लोक गोळा करतो. कधी कधी मी जरा जास्त गोळा करतो. पोलिओच्या वेळी मी सांगितलं होतं, की हे दोन थेंब पाजलेलं पोर इतकं पळेल की मास्तरला सापडणार नाही. त्यावर दोन मास्तर तक्रार करायला आले आणि चार आया दुसऱ्यांदा थेंब मागायला आल्या. बायकोने मला घरी आणून जे सुनावलं ते भोंग्याविनाही मौद्यापर्यंत गेलं असेल.

तर मोहीम हत्तीरोगाची होती. आमच्या भागातला हा जुना पाहुणा. नाल्याचा डास चावतो, रक्तात धाग्यासारखे जंतू सोडतो, माणसाला काही कळत नाही. वर्षं जातात. मग एक दिवस पाय भरतो, आणि एकदा भरला की उतरत नाही. म्हणून सरकार काय करतं, तर वस्तीतल्या सगळ्यांनाच गोळ्या देतं, जंतू असो की नसो. फक्त अगदी लहान पोरं, पोटुशी बाई आणि खाटेवरचा आजारी सोडून. सगळ्यांनी एकदम गिळल्या तर डासाला एका माणसाकडून दुसऱ्याकडे न्यायला काही उरतच नाही. गोळ्या फुकट, घरपोच, आणि अट एकच. आशाताईसमोर गिळायच्या.

या अटीवरच सगळं नाटक होतं. फुकटच्या गोळीला आमच्याकडे लोक फार मान देतात, खिशात ठेवतात, देव्हाऱ्यात ठेवतात, फक्त तोंडात ठेवत नाहीत. एका तंबाखू-सुपारीचा खर्रा खाणाऱ्याने तर गालात खर्रा असतानाच गोळी घेतली आणि मान डोलावली. बायकोने त्याला नालीपाशी नेऊन थुंकायला लावलं. आधी खर्रा आला, मग सुपारी, मग मागच्या साली घेतलेली गोळी. शेवटचं मी थोडं वाढवून सांगतोय.

या साली एक नवी गोष्ट आली. काठी. माणसाहून उंच, सरळ, तिच्यावर रंगीत पट्टे. त्यातल्या एका औषधाच्या गोळ्या वयावर नाही, उंचीवर ठरतात. माणूस काठीला टेकून उभा करायचा, डोकं ज्या पट्ट्याला लागेल तितक्या गोळ्या. किती सोपं. सरकारला वाटलं सोपं. सरकारने काठी पाठवली ती नेमकी बांबूची, आणि आमच्या गल्लीत बांबूचं माप माणसाला एकदाच लागतं, तेही त्याला आडवा केल्यावर.

पहिल्याच घरातले म्हातारबुवा काठी पाहून दोन पावलं मागे सरकले. त्यांनी बायकोला विचारलं की तिरडीची ऑर्डर कोणी दिली आणि ते अजून चहा पिऊन राहिले आहेत हे तिला दिसत नाही का. दुसऱ्या घरात सासूने सुनेला पुढे केलं, सुनेने सासूला. तिसऱ्या घराने सरळ आतून कडी घातली. दुपारपर्यंत साऱ्या गल्लीत बोभाटा झाला, की सरकार माणसांची मापं घेऊन राहिलं आहे. का घेऊन राहिलं, याची सात-आठ कारणं संध्याकाळपर्यंत तयार होती, आणि त्यातली निदान तीन मला इतकी आवडली की मीच ती पुढच्या गल्लीत नेली असती.

बायको रडकुंडीला आली. रडली नाही, ती रडत नाही, पण भाजी चिरताना सुरी जोरात आपटत होती. तिला काळजी काकूच्या घराची होती. नाल्याच्या अगदी काठाचं घर ते. पलीकडच्या गल्लीत नुकताच एका तरण्या पोराचा पाय भरून आला होता. आणि काकूची सून दोनदा येऊन बायकोला हळूच सांगून गेली होती, की बाकी कोणी घेवो न घेवो, माझ्या पोरीच्या पोटात त्या गोळ्या गेल्या पाहिजेत. सासूचा पाय ती रोज धुते, पुसते, तेल लावते. तो पाय पोरीला नको, एवढंच तिचं म्हणणं. पण काकूच्या पुढे बोलायची त्या घरात कोणाची छाती नव्हती.

मी बायकोला म्हटलं, सोड माझ्यावर. ती म्हणाली, त्याचीच भीती वाटते.

दुसऱ्या दिवशी सकाळी माझे भोंगे कडाडले. मी जाहीर केलं, की आज नंदनवनातल्या सगळ्यांत उंच माणसाचा शोध घेतला जाणार आहे. दिल्लीहून खास काठी आली आहे. अशी काठी सगळ्या विदर्भात एकच आहे. उंचीचा मान कोणत्या गल्लीला जातो ते आज पाचपावलीपासून भिवापूरपर्यंत लोक बघणार आहेत. अर्ध्या तासात गल्लीत पाय ठेवायला जागा राहिली नाही. काल तिरडी म्हणणारे म्हातारबुवा सगळ्यांत पुढे. एका पैलवानाने मिशीलाही वर पीळ दिला, जसं काही तिची उंची धरणार. बायका अंबाडे उंच बांधून आल्या. ठेंगणी माणसं चप्पल काढायला तयार होईनात, आणि ज्यांनी काढली ते चवड्यांवर उभे. खरं सांगतो, त्या दिवशी आमची गल्ली वीतभर उंच झाली होती.

बायको काठीपाशी उभी होती. तिने दोन-तीन मापं घेतली आणि मग माझ्या हातातला माईक काढून घेतला. तिने साऱ्या जनतेला शांतपणे समजावलं की उंची चोरली तर गोळी जास्त जाईल, आणि गोळी जास्त गेली तर उद्या चक्कर येऊन सगळे एकाच उंचीचे होतील, म्हणजे आडवे. टाचा टेकल्या. अंबाडे सुटले. पैलवान एकदम एका पट्ट्याने खाली आला आणि त्याने तो राग माझ्यावर काढला. पण जमलेल्या लोकांना आता घरी जायलाही लाज वाटत होती. सगळ्यांची मापं झाली, सगळ्यांनी पाणी मागितलं, सगळ्यांनी गिळली. गोळी घेतल्याची खूण म्हणून बोटाला शाई लागली. सगळ्यांत उंच निघाला तो कोपऱ्यावरचा गॅरेजवाला, आणि तेव्हापासून तो दारातून वाकून जातो, जरी दार उंच आहे.

फक्त काकूच्या घरातलं कोणी आलं नव्हतं.

मी आणि बायको तिच्याकडे गेलो. काकू ओसरीवर मिरच्या निवडत बसली होती, भिवापुरी, लांबूनच नाकाला झोंबणाऱ्या. सून दाराच्या आत उभी. नात पायरीवर बसून पायाला पट्टी बांधत होती, दुपारी तिचा सामना होता. मी तिरडीचा विषय निघायच्या आधीच बोलायला सुरुवात केली, की काकू, ही काठी तशी नाही, हिच्यावर रंग आहेत. काकूने मला हातानेच थांबवलं. तिला तिरडीची भीती नव्हती. तिने सांगितलं, की ती कधीची तयार बसली आहे, माप घ्यायचं तर आताच घ्या. भानगड नातीची होती.

“पोट्टी अजून वाढून राहिली,” काकू म्हणाली. “मागावरचं लुगडं कोणी मोजते का गा?”

मी काठी भिंतीला टेकवली. तुम्हाला वाटेल, माझ्यासारखा माणूस इतक्यात कसा हरला. पण मी त्याच घरातला आहे. विणकराच्या घरात हे लहानपणापासून अंगात भिनलेलं असतं. लुगडं मागावर असताना त्याचं माप घेत नाहीत. किती झालं, किती राहिलं, असं बोट लावून मोजलं की ताणा, म्हणजे मागावरचे उभे धागे, तुटतो. उतरल्यावर मोजायचं. माझ्या आजोबांनी एकदा एका उतावळ्या व्यापाऱ्याला मागाजवळ हात लावून मोजताना पाहिलं आणि धोट्याने त्याच्या बोटांवर असं मारलं, की तो पुढे आयुष्यभर हिशेब डाव्या हाताने करायचा. आता माग गेले, ताणा गेला, पण ती भीती राहिली. आमच्याकडे वाढत्या पोराची उंची भिंतीवर रेघ मारून कोणी मोजत नाही. इतर घरांत पेन्सिलीच्या रेघा असतात. आमच्या भिंती कोऱ्या आहेत.

बायको कोष्ट्याची नाही, ती मौद्याकडची. तिने तिच्या पद्धतीने समजावलं. डास, जंतू, रक्त, साखळी, सगळं. काकूने सगळं ऐकलं, मान डोलावली, दोन मिरच्यांची देठं काढली आणि सांगितलं की तुझं बरोबर आहे, पण पोरीचं माप घ्यायचं नाही. सुनेने आतून उसासा टाकला, इतका बारीक की माझ्यासारख्या भोंग्याच्या माणसाला तो ऐकू आला याचं मलाच आश्चर्य वाटलं.

तेवढ्यात समोरच्या घरातून काकूची मैत्रीण आली. मैत्रीण म्हणायचं ते मी म्हणतो. त्या दोघी स्वतःला तसं म्हणत नाहीत. दोघी एकाच वर्षी लग्न होऊन या वस्तीत आल्या, ही कोष्ट्याच्या घरी, ती समोरच्या बौद्ध घरी. तिच्या सासऱ्यांनी छप्पन साली इथेच दीक्षा घेतली, नवरा गिरणीत होता. लग्नाच्या वर्षापासून दोघींचं भांडण चालू आहे. नळावर भांडल्या, नळ घरात आल्यावर दारावर भांडल्या, आणि एकीला ताप आला तर दुसरी तिच्या उशाशी बसून भांडते. त्या दिवशी तिच्या बोटाला नुकतीच शाई लागली होती. ओसरीच्या कडेला बसत तिने काकूच्या सुपातल्या मिरच्यांना आधी नावं ठेवली. मग तिने पोरीकडे पाहिलं, मग काकूच्या पायाकडे. आणि ती जे बोलली ते भांडणाच्या आवाजात नव्हतं.

“तुह्या सासूनं तुले दाराआड उभं केलं होतं,” ती म्हणाली. “मी पाहत होती वं.”

काकूचे हात थांबले.

ही गोष्ट मला माहीत नव्हती. मी माझ्या आजीच्या शंभर गोष्टी सांगतो, त्यातली ही एक नव्हती. मैत्रिणीने ती आम्हाला सांगितली, काकूकडे न बघता. दोघी नव्या सुना होत्या तेव्हा दिवेलागणीला हत्तीरोगाचा माणूस गल्लीत यायचा, बोटाला टोचून काचेवर रक्ताचा थेंब घ्यायचा. माझ्या आजीने ठरवलं की नव्या सुनेचा हात परक्या माणसाच्या हातात द्यायचा नाही. घरात सून नाही, माहेरी गेली, असं सांगितलं. काकू दाराआड श्वास रोखून उभी होती. समोरच्या घरात मात्र सासऱ्यांनी स्वतः सुनेला पुढे केलं, म्हणाले, आपल्यासाठी कोणी दारात आलं आहे, बोट दे. तिच्या रक्तात जंतू निघाले. तो माणूस गोळ्या घेऊन परत परत आला, ती कडू तोंड करून गिळत राहिली. तिचे पाय आजही काटकुळे आहेत, लाटण्यासारखे. दाराआडच्या सुनेचा पाय तिसऱ्या बाळंतपणानंतर भरायला लागला.

“दार तर तेच आहे,” मैत्रीण म्हणाली. “आता त्याच्याआड कोणाले उभं करून राहिली?”

मला वाटलं, आता भूकंप होणार. मी माईक पोटाशी धरला. काकूने सूप बाजूला ठेवलं. हाताचं तिखट पदराला पुसलं. नातीकडे बघत बसली. पोट्टीला हे सगळं म्हाताऱ्यांचं बोलणं वाटत होतं, ती पट्टीची गाठ दाताने ओढत होती.

मग ती उठली. खांबासारखा पाय आधी टेकवला, मग दुसरा, आणि बायकोला म्हणाली, “आण वं तुही काठी. माहं माप घे.”

बायकोने काठी धरली. काकू पाठ टेकून ताठ उभी राहिली. तिने नातीला हाक मारून शेजारी उभं केलं, दंडाला दंड लावून, जशी घरातल्या फोटोला उभी करावी. आणि बायकोला सांगितलं की आता हिला मोजायचं नाही, फक्त बघायचं, की ही माझ्या कुठपर्यंत येते.

“कानापर्यंत,” सून आतून म्हणाली. तिला सांगायला बघावं लागलं नाही.

बायकोने काकूच्या कानाच्या पाळीजवळ तळहात आडवा धरला आणि तो सरळ काठीवर नेऊन टेकवला. मी आकाशात बघत होतो. मैत्रीण मिरच्या निवडत होती. सरकारच्या नियमाप्रमाणे पोरीचं माप झालं होतं, आणि आमच्या नियमाप्रमाणे झालं नव्हतं. हात कोणत्या पट्ट्यावर आला ते बायकोने पाहिलं, आकडा न उच्चारता गोळ्या काढल्या.

पण गोळ्या उपाशीपोटी घ्यायच्या नाहीत. हे बायकोच्या तोंडून निघालं आणि संपलं. काकूला तेच पाहिजे होतं. तिने सगळ्यांना आत बसवलं. भात, झणझणीत रस्सा आणि वर तेलाचा तवंग. त्या रश्श्याचा पहिला घास घेतला की माणसाला आपले पूर्वज दिसतात आणि दुसऱ्या घासाला ते पाणी मागतात. मैत्रीण म्हणाली मीठ कमी आहे, आणि तीनदा वाढून घेतलं. मग पोट्टीने एक गोळी चावून खाल्ली, बाकीच्या पाण्याने गिळल्या, आणि तोंड असं केलं जसं सरकारने तिचा वैयक्तिक अपमान केला. काकूने स्वतःच्या गिळून बायकोपुढे आ केला, जीभ वर उचलून, खाली दाबून, डावीकडे, उजवीकडे. सरकारला नीट पाहू दे म्हणाली. सून चुलीकडे तोंड करून भांडी लावत होती आणि मला वाटतं तिने तेच एक भांडं चार वेळा पुसलं.

पोट्टी सामन्याला गेली. मी ऑटोवर बसलो. त्याच दुपारी आरोग्य खात्याचे साहेब भेटले. बरे गृहस्थ आहेत. ते म्हणाले, पुढच्या खेपेपासून प्रत्येकाच्या मोबाईलवर रेकॉर्ड केलेला आवाज जाईल, चौकातल्या दवाखान्यात पडद्यावर डॉक्टर दिसेल, आणि एक मशीन तर चक्क आपल्या नागपुरी बोलीत बोलणार आहे. मी विचारलं, मशीनला काकूच्या घरात जेवायला बसता येईल का? साहेब हसले. म्हणाले, हा रोगच इथून गेला तर तुमची दवंडीही बंद होईल, मशीनचीही. मी म्हटलं, त्या दिवसाची दवंडी मात्र मीच देणार, आणि ती भंडाऱ्यापर्यंत ऐकू जाईल. तशी ती जाते, पण साहेबांपुढे मी थोडं कमी करून सांगितलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सून धावत आली. पोरगी तापली होती. डोकं धरून पडली होती, हातपाय ठणकत होते. आम्ही गेलो तर काकू खाटेच्या पायथ्याशी बसलेली. तिने वर पाहिलं ते माझ्याकडे नाही, बायकोकडे. मोजली, असं तिने तोंडाने म्हटलं नाही, पण साऱ्या ओसरीवर ते ऐकू आलं.

बायकोने आधी पोरीचा ताप पाहिला, दवाखान्यात फोन लावला, मोहिमेचे डॉक्टर लगेच गाडीने आले. त्यांनी तपासलं, तापाची गोळी दिली, पाणी भरपूर पाजा म्हणाले, घाबरण्यासारखं काही नाही. मग बायको काकूच्या शेजारी जमिनीवर बसली. तिने सांगितलं, की गोळी साऱ्या गल्लीने घेतली. ज्याच्या रक्तात काही नव्हतं त्याला बहुतेक काही झालं नाही. ज्याच्या रक्तात जंतू असतात आणि ते मरायला लागतात, त्याला असा ताप येतो.

काकूने पोरीच्या अंगावरची चादर सारखी केली.

“म्हणजे होते?” तिने विचारलं.

“होते, काकू. डॉक्टर बी तेच म्हणते.”

“अन् आता?”

“आता मरून राहिले. डॉक्टर म्हणते, पुन्हा तपासू, लागलं तर अजून औषध देऊ. इथी घरीच येतील.”

सुनेने दाराच्या चौकटीला हात टेकला. मैत्रीण समोरच्या घरातून आली होती, ती पोरीसाठी पाण्याचा तांब्या भरायला गेली. माझ्याकडे त्या क्षणी वाढवून सांगायला काही नव्हतं. जेवढं होतं तेवढंच पुरेसं मोठं होतं.

काकूने नातीच्या पायावरची चादर बाजूला केली. खो-खोने सोललेले गुडघे, घोट्यावर कालच्या पट्टीचा वळ, नखांत मैदानाची माती. काकूने डावा घोटा हातात घेतला. तिचा अंगठा आणि मधलं बोट पलीकडे जाऊन एकमेकांना टेकलं. तिने हात थोडा वर सरकवला, पोटरीवर बोटं दाबून पाहिली, पुन्हा खाली आणला, पुन्हा बोटं टेकतात का पाहिलं. उजवा पाय पाहिला. मग परत डावा.

पोट्टीने तापातच पाय ओढून घेतला. “आजी, गुदगुल्या होऊन राहिल्या नं,” ती कुरकुरली, आणि कूस बदलून भिंतीकडे तोंड केलं.